सामूहिक जाणिवेतून एकेक मन वेगळं काढणारी पहिली शल्यविशारद: ती नेमकं काय करेल?

प्रश्न थोडक्यात असा आहे: दिवाळी अंकासाठी विज्ञानकथा लिहिते आहे. बारा माणसांचे मेंदू रोपणांनी कायमचे जोडले गेले आहेत आणि कुणालाही स्वतःचा असा 'मी' उरलेला नाही. नायिका मेंदूची शल्यविशारद आहे. अशा सामूहिक जाणिवेतून एकेकाला वेगळं काढणारी ती जगातली पहिली. ती काय करेल, कोणत्या क्रमाने करेल आणि काय काय बिघडेल? डॉक्टर वाचकालाही पटलं पाहिजे.

कापणं हा या कामातला सगळ्यांत सोपा भाग आहे, आणि बहुतेक कथा नेमका तिथेच सगळा जोर लावतात. अवघड गोष्टी दोन. वेगळं झालं की नाही हे ओळखायचं कसं? आणि वरचे धागे तुटल्यावर खाली नकळत काय सामायिक राहिलं आहे, ते शोधायचं कसं? तुमची नायिका पहिली ठरायची असेल तर या दोन बाबतींत ठरू द्या. वैद्यकाच्या इतिहासात याला भक्कम आधार आहे.

मेंदूच्या डाव्या आणि उजव्या अर्धगोलांना जोडणारा जाड पट्टा म्हणजे कॉर्पस कॅलोसम. त्यात सुमारे २० कोटी तंतू असतात. फिट एका बाजूला सुरू होऊन दुसरीकडे पसरते ती मुख्यतः याच वाटेने. ही वाटच बंद केली तर फिट आवरेल, या विचाराने न्यूयॉर्क राज्यातल्या रॉचेस्टरमध्ये विल्यम व्हॅन वॅगेनन यांनी १९४०च्या सुमारास माणसांवर ही शस्त्रक्रिया केली. त्यांच्या रुग्णांना अँड्र्यू अ‍ॅकेलायटिस यांनी तपासलं आणि फारसं काही बदललेलं नाही असा निष्कर्ष काढला. कोट्यवधी तंतू कापले तरी माणूस जसाच्या तसा! हा पट्टा मेंदूचे दोन भाग खाली लोंबू नयेत एवढ्यासाठीच असावा, अशी थट्टाही त्या काळात झाली.

चूक चाचणीत होती. रुग्ण डोळे हवे तसे फिरवू शकत होता, वस्तू दोन्ही हातांनी चाचपत होता, आवाज दोन्ही कानांनी ऐकत होता. प्रत्येक माहिती दोन्ही अर्धगोलांना आपापल्या वाटेने मिळत होती, मग फरक दिसणार कुठून? १९५०च्या दशकात रॉजर स्पेरी आणि रोनाल्ड मायर्स यांनी मांजरांमध्ये कॅलोसमबरोबर डोळ्यांच्या नसा एकमेकींना ओलांडतात तो सांधाही कापला. त्यामुळे प्रत्येक डोळ्याची माहिती एकाच अर्धगोलात अडकली, आणि एका डोळ्याने शिकलेलं मांजर दुसऱ्या डोळ्याने बघताना कोरं निघालं. १९६२ साली लॉस एंजेलिसमध्ये फिलिप व्होगेल आणि जोसेफ बोगेन यांनी दुसऱ्या महायुद्धात लढलेल्या, फिट्सनी हैराण झालेल्या एका रुग्णावर शस्त्रक्रिया केली. या वेळी स्पेरींचे विद्यार्थी मायकेल गॅझॅनिगा योग्य चाचण्या घेऊन तयार होते. स्पेरींना १९८१ साली नोबेल मिळालं. शस्त्रक्रिया जवळपास तीच होती. वीस वर्षांत बदलली ती प्रश्न विचारण्याची रीत.

ती रीत नीट समजून घ्या, कारण कथेतला सगळ्यांत ताकदीचा प्रसंग तुम्हाला तिथे मिळेल. रुग्णाला पडद्याच्या मधोमध एका ठिपक्याकडे टक लावून बघायला सांगतात. ठिपक्याच्या डावीकडे एक चित्र १०० ते १५० मिलिसेकंदच झळकतं. नजर वळवायला साधारण २०० मिलिसेकंद लागतात, त्यामुळे डोळा तिकडे वळायच्या आत चित्र गेलेलं असतं आणि ते फक्त उजव्या अर्धगोलात पोचतं. बहुतेकांची वाचा डाव्या अर्धगोलात असते. "काय दिसलं?" असं विचारलं की रुग्ण मनापासून सांगतो, "काही नाही." मग पडद्याखालून डावा हात आत घालायला सांगतात. तिथे चमचा, किल्ली, कंगवा, पेन्सिल अशा वस्तू ठेवलेल्या असतात. हात चाचपत जातो आणि चित्रातली वस्तू बरोबर उचलतो. हात बाहेर न काढता "हातात काय आहे?" असं विचारलं तर पुन्हा तेच, "माहीत नाही."

इथे लेखक हमखास घसरतात ती जागा सांगून ठेवतो. 'डावा डोळा म्हणजे उजवा मेंदू' असं माणसात नसतं. प्रत्येक डोळ्याची माहिती दोन्हीकडे जाते. विभागणी दृष्टिक्षेत्राची होते: ठिपक्याच्या डावीकडचं सगळं, मग ते कोणत्याही डोळ्याने पाहिलेलं असो, उजव्या अर्धगोलात जातं. एका डोळ्यावर पट्टी बांधून अर्धा मेंदू झाकला, असं वाक्य कथेत आलं तर जाणकार वाचक पुस्तक तिथेच मिटेल.

आता तुमच्या बाराजणांकडे येऊ. आधी जोडणीचा नकाशा ठरवा, कारण पुढचं सगळं त्यावर अवलंबून आहे. प्रत्येकजण प्रत्येकाशी जोडलेला असेल तर ६६ जोड्या होतात. त्यातून एकाला काढताना ११ तुटतात आणि उरलेल्या ५५ चालूच राहतात. मध्ये एक यंत्र असून सगळे त्याला जोडलेले असतील तर प्रत्येकाची एकच तार असते. मग काढणं सोपं होतं, पण यंत्र बंद पडलं तर बाराही एकदम कोसळतात. कथेसाठी मी पहिला प्रकार घेईन. त्यात नायिकेला एकेक नातं स्वतंत्रपणे हाताळावं लागतं.

प्रत्यक्षात माणसांचे मेंदू यंत्राने जोडण्याचे प्रयोग झालेले आहेत. वॉशिंग्टन विद्यापीठात राजेश राव आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तीन माणसांना जोडून टेट्रिससारखा खेळ खेळवला. तो २०१९ साली प्रसिद्ध झाला. दोघांच्या डोक्यावरच्या ईईजीतून, म्हणजे मेंदूतल्या विद्युतलहरींच्या नोंदीतून, 'ठोकळा फिरवा' किंवा 'फिरवू नका' एवढंच उचललं जायचं आणि तिसऱ्याच्या मेंदूला बाहेरून चुंबकीय झटका देऊन पोचवलं जायचं. त्याला प्रकाशाची चमक दिसली तर 'हो', नाहीतर 'नाही'. अचूकता सरासरी ८१ टक्के. म्हणजे एका वेळी एक हो-नाही. एवढ्याशा वाटेवरून 'मी' विरघळत नाही. म्हणून तुमची रोपणं डोक्याच्या त्वचेवर चिकटवलेली नकोत, खोल हवीत, आणि सगळ्यांत खोल जागा म्हणून थॅलॅमस निवडा. नजर, स्पर्श, श्रवण यांचे संदेश मेंदूच्या पृष्ठभागाकडे जाताना तिथूनच जातात, आणि जागं राहण्याची यंत्रणाही तिथून चालते.

थॅलॅमसची सूचना हवेतली नाही. कॅनडातल्या ब्रिटिश कोलंबियात २००६ साली डोक्याने जोडलेल्या जुळ्या बहिणी जन्मल्या. त्यांच्या दोन थॅलॅमसमध्ये मेंदूच्या पेशींचा पूल आहे. एकीचे डोळे झाकून दुसरीसमोर प्रकाश चमकवला, तर झाकलेल्या बहिणीच्या मेंदूतही प्रतिसाद उमटला. एकीने पाहिलेलं दुसरीला कळतं, असं घरचे सांगतात. तरीही दोघींचे स्वभाव वेगळे, आवडीनिवडी वेगळ्या. डॉक्टरांनी त्यांना वेगळं करणं फार धोक्याचं ठरवलं. तुमच्या नायिकेने आधी ही माहिती वाचलेली असणार. इतकी खोल जोडणी असूनही दोन 'मी' टिकू शकतात, ही तिची पहिली आशा असेल. आणि असा पूल कापता येत नाही, ही पहिली भीती.

कोणतीही जोडणी कायमची तोडण्याआधी ती काही मिनिटांपुरती बंद करून पाहणं, हा तिचा पहिला नियम असायला हवा. याचा नमुना मेंदूची एक बाजू काही मिनिटं झोपवून पाहणाऱ्या वाडा चाचणीत आहे. जुन वाडा यांनी ती १९४०च्या दशकाच्या शेवटी वापरात आणली. रुग्ण पूर्ण जागा असतो. जांघेतल्या धमनीतून बारीक नळी मानेतल्या कॅरोटिड धमनीपर्यंत नेतात. दोन्ही हात वर धरायला आणि मोठ्याने आकडे मोजायला सांगतात, आणि अ‍ॅमोबार्बिटाल हे गुंगीचं औषध सुमारे १०० ते १२५ मिलिग्रॅम एका बाजूला सोडतात. काही सेकंदांत विरुद्ध बाजूचा हात गळून पडतो. डावी बाजू झोपवली असेल तर मोजणी मध्येच थांबते. ईईजीवर त्या बाजूला संथ, मोठ्या लाटा उठतात. पुढची काही मिनिटं उरलेल्या अर्ध्या मेंदूशी बोलायचं. चित्रं दाखवायची, आज्ञा द्यायच्या, आणि औषध उतरल्यावर त्यातलं काय आठवतं ते विचारायचं. दुसऱ्या बाजूची चाचणी औषध पूर्ण उतरल्याखेरीज घ्यायची नाही. शक्य असेल तर दुसऱ्या दिवशी घ्यावी.

तुमच्या कथेत मेंदू झोपवायचा नाही, जोडणी गप्प करायची आहे. त्यासाठी रोपणाच्या टोकाला गारवा देण्याची युक्ती वापरा. मेंदूचा छोटा भाग २० अंश सेल्सिअसच्या खाली थंड केला की पेशींमधला संदेश थांबतो आणि ऊब मिळाली की पुन्हा सुरू होतो. प्राण्यांवरच्या संशोधनात ही पद्धत नेहमी वापरली जाते. पहिल्यांदा दोन मिनिटं, मग पाच, मग दहा. प्रत्येक वेळी वेगळा पडलेला माणूस आणि उरलेले अकरा, दोघांचंही ईईजी आणि रक्तदाब बघत राहायचं. दहा मिनिटांत फिट आली किंवा श्वास मंदावला तर त्या माणसाची पाळी पुढे ढकलायची.

जोडणी गप्प असतानाच्या याच मिनिटांत संमती घ्यायची. ही जागा घाईने उरकू नका, कथेचा नैतिक कणा इथे आहे. बारा जोडलेले असताना विचारलं तर उत्तर समूहाचं येईल, आणि समूह सहसा स्वतःचा भाग गमवायला तयार होणार नाही. गॅझॅनिगा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७०च्या दशकात एका तरुणाला विचारलं होतं, 'मोठेपणी काय व्हायचंय?' प्रश्नातला कळीचा शब्द फक्त उजव्या अर्धगोलाला दाखवला. तोंडाने तो नेहमी सांगायचा की आराखडे काढणारा ड्राफ्ट्समन व्हायचंय. डाव्या हाताने मात्र त्याने अक्षरांचे ठोकळे जुळवून 'मोटारींची शर्यत' असं उत्तर दिलं. एकाच कवटीत दोन वेगळ्या इच्छा! नायिकेने प्रत्येकाला असं एकटं गाठून, निदान तीन वेगळ्या दिवशी, तोच प्रश्न वेगळ्या शब्दांत विचारावा. उत्तर बोलून, लिहून आणि हाताने निवडून घ्यावं. तिन्ही जुळत नसतील तर ती संमती नाही. आणि बारापैकी एखाद्याने ठामपणे 'मला इथेच राहायचंय' असं सांगितलं, तर ते ऐकायची तयारी तिच्यात हवी. मला तर तो प्रसंग सगळ्यांत महत्त्वाचा वाटतो.

कापण्याचा क्रम. कॅलोसममधली रचना सरळ आहे: पुढचे तंतू नियोजन आणि हेतू सांभाळणाऱ्या भागांना जोडतात, मधले हालचाल आणि स्पर्श, त्यामागचे श्रवण, आणि सगळ्यांत मागचा जाड भाग, ज्याला स्प्लेनियम म्हणतात, तो दृष्टी. अचानक धाडकन पाडणाऱ्या फिट्ससाठी आज ही शस्त्रक्रिया करतात तेव्हा बहुधा पुढचा दोन-तृतीयांश भागच कापतात आणि स्प्लेनियम राखून ठेवतात, कारण तो राखला की दोन अर्धगोल एकमेकांना बऱ्यापैकी समजत राहतात. फिट थांबल्याच नाहीत तर दुसऱ्या टप्प्यात तोही कापतात.

तुमच्या रोपणांची रचना याच क्रमाने ठेवा, म्हणजे टप्पेही याच क्रमाने येतील. पहिल्या टप्प्यानंतर सुटणाऱ्या माणसाला समूहाचे हेतू ऐकू येणं बंद होतं. काय करायचं ते आता त्याला स्वतःच ठरवावं लागतं आणि ते जमत नाही. दुसऱ्या टप्प्यानंतर इतरांच्या हातांचा स्पर्श जातो. मग त्यांचं ऐकणं. नजर शेवटी. म्हणजे माणूस स्वतंत्र झाल्यावरही काही आठवडे अकरा जणांच्या डोळ्यांनी दिसत राहतं, पण ते दिसण्यामागचा अर्थ त्याला लागत नाही.

उलटा क्रम घेतला तर काय होतं, याचा एक विलक्षण पुरावा आहे. एका रुग्णाचा कॅलोसम दोन टप्प्यांत, आधी मागचा भाग आणि सुमारे दहा आठवड्यांनी पुढचा, असा कापला होता. मधल्या काळात त्याच्या उजव्या अर्धगोलाला 'नाइट', म्हणजे चिलखत घातलेला घोडेस्वार, हा शब्द दाखवला. तो शब्द त्याला सांगता येईना. पण तो चाचपडत सांगू लागला की काहीतरी मनात आहे, दोघे लढतायत, जुना काळ आहे, शिरस्त्राणं आहेत, घोड्यांवर बसून एकमेकांना खाली पाडायला बघतायत. आणि शेवटी विचारलं, "नाइट?" मागची वाट तुटल्यामुळे चित्र पलीकडे जात नव्हतं, पण पुढच्या वाटेने त्याचा अर्थ झिरपत होता. पुढचा भागही कापल्यावर हे बंद झालं. हे निरीक्षण १९८१ साली प्रसिद्ध झालं आणि आजही वाचताना अंगावर काटा येतो. नायिका दृष्टी आधी तोडणार असेल तर सुटणारा माणूस नेमका असाच बोलेल: चित्र नाही, पण त्याच्या आसपासचं सगळं आहे. संवाद लिहिताना याचा पुरेपूर उपयोग करा.

प्रत्यक्ष शस्त्रक्रियेचं दृश्य हवंच असेल तर कॅलोसमच्या शस्त्रक्रियेतलं एवढं पुरे. रुग्ण उताणा, डोकं तीन टोकांच्या पकडीत घट्ट. कवटी बहुधा उजव्या बाजूला, मध्यरेषा ओलांडून उघडतात. पुढे दोन-तृतीयांश आणि मागे एक-तृतीयांश अशा हिशेबाने कपाळामागच्या सांध्याभोवती खिडकी करतात. मेंदूवरून मध्यरेषेतल्या मोठ्या शिरेत जाणाऱ्या बारीक शिरा जपायच्या. त्यातली एखादी मोठी शीर गेली तर मेंदूचा तो भाग सुजतो, रक्त साकळतं आणि पाय लुळा पडू शकतो. दोन अर्धगोल हळूच बाजूला केले की खाली दोन सिंग्युलेट घड्या एकमेकींना चिकटलेल्या दिसतात. नवखा शल्यविशारद त्यांनाच कॅलोसम समजतो. खरा कॅलोसम त्याखाली असतो, ओल्या खोबऱ्यासारखा पांढराशुभ्र आणि चकाकणारा, आणि त्यावरून दोन धमन्या समांतर धावतात. त्या दोन धमन्यांच्या मधूनच कापायचं. मध्यरेषा सोडली की आतल्या पाण्याच्या पोकळीत शिरकाव होतो, आणि मग नंतर ताप, डोकेदुखी आणि पाणी साचण्याचा त्रास. किती कापलं गेलं याची खात्री शेवटी एमआरआयवरच होते. अ‍ॅकेलायटिस यांच्या काळात ही सोय नव्हती.

आता खालच्या थरातल्या सामायिक गोष्टी. कॅलोसम पूर्ण कापलेल्या माणसाचे दोन्ही अर्धगोल एकाच वेळी झोपतात आणि एकाच वेळी जागे होतात, कारण झोपेची यंत्रणा मेंदूच्या देठात आणि थॅलॅमसमध्ये असते. ती शाबूत असते. भावनाही खालून गळत राहतात. उजव्या अर्धगोलाला संकोच वाटेल असं चित्र दाखवलं तर रुग्ण लाजून हसतो, पण कशामुळे हसलो ते त्याला सांगता येत नाही. २०१७ साली अ‍ॅमस्टरडॅम विद्यापीठातल्या एका गटाने दाखवलं की काही रुग्ण दोन्ही बाजूंना काय आणि कुठे दिसलं ते कोणत्याही हाताने किंवा तोंडाने सांगू शकतात, मात्र दोन बाजूंची चित्रं सारखी आहेत की वेगळी हे त्यांना ताडता येत नाही. म्हणजे पाहणं दुभंगलं, पण पाहणारा पुरता दुभंगला का, हा वाद अजून मिटलेला नाही. कथेत 'कापलं आणि पूर्ण स्वतंत्र माणूस बाहेर पडला' असं दाखवू नका. तुमचा सुटलेला माणूस काही महिने अकरा जणांबरोबरच झोपेल, आणि त्यांच्यापैकी कुणी घाबरलं की भर दुपारी त्याला विनाकारण घाम फुटेल.

डोक्याने जोडलेल्या जुळ्यांना वेगळं करण्याचा अनुभव याच्याही पुढचा धडा देतो. तिथे बहुतेक वेळा मेंदूपेक्षा शिरा घात करतात. दोघांच्या मेंदूंचं रक्त एकाच मोठ्या शिरेतून खाली जात असतं. ती एकाला दिली की दुसऱ्याच्या मेंदूतलं रक्त बाहेर पडायला वाट राहत नाही. २००३ साली सिंगापूरमध्ये २९ वर्षांच्या इराणी जुळ्या बहिणींवर सलग एकाच बैठकीत शस्त्रक्रिया झाली. सामायिक शिरेला पर्याय म्हणून मांडीची शीर बसवली होती, पण रक्तस्राव आवरला नाही आणि दोघीही गेल्या. न्यूयॉर्कमध्ये जेम्स गुडरिच यांनी याच सुमारास वेगळी वाट घेतली: काम अनेक शस्त्रक्रियांमध्ये वाटायचं आणि मधल्या आठवड्यांत शरीराला नव्या शिरा रुंदावू द्यायच्या. दिल्लीच्या एम्समध्ये ओडिशातल्या जुळ्या भावांचं विलगीकरण २०१७ साली असंच टप्प्यांनी झालं. २८ ऑगस्टला पहिला टप्पा, शिरेचा बायपास देऊन. २५ ऑक्टोबरला शेवटचा. दोन टप्प्यांच्या मधले ते आठवडे हाच उपचाराचा गाभा आहे.

तुमच्या बाराजणांचं रक्त एक नाही, म्हणून हे लागू नाही असं समजू नका. मेंदूच्या एका भागाला मिळणारे संदेश अचानक थांबले तर दूरचा, स्वतः धडधाकट असलेला भागही काही काळ मंदावतो. याला डायास्कायसिस म्हणतात. कॉन्स्टँटिन फॉन मोनाकोव्ह यांनी ही कल्पना १९१४ साली मांडली. वर्षानुवर्षं अकरा मेंदूंचे संदेश झेलणाऱ्या मेंदूला ते एका क्षणात बंद झाले तर तो मुका आणि निश्चल होईल. म्हणून नायिका तारा तोडण्याआधी त्यांची ताकद टप्प्याटप्प्याने उतरवेल. आठवड्याला १० टक्के हा कथेपुरता पटण्याजोगा वेग आहे. प्रत्येक पायरीवर फिट्स, झोप आणि बोलणं तपासायचं. एखादी पायरी सोसली नाही तर मागच्या पायरीवर परत.

नंतरचे दिवस थोडक्यात. पुढचा भाग कापलेल्या रुग्णांमध्ये सुरुवातीला बोलणं थांबणं, डावा पाय कमजोर होणं, लघवीवर ताबा नसणं हे काही दिवसांपासून काही आठवड्यांपर्यंत दिसतं आणि बहुधा ओसरतं. काहींचा एक हात शर्टाची बटणं लावतो आणि दुसरा ती काढतो. लहान मुलं पूर्ण छेदही मोठ्यांपेक्षा पुष्कळ चांगला सोसतात. बारामध्ये एखादं मूल असेल तर त्याची पाळी आधी लावण्याला हे वैद्यकीय कारण आहे.

व्यक्तिचित्रणासाठी त्याहून मोलाची गोष्ट वेगळी आहे. एका रुग्णाच्या डाव्या अर्धगोलाला कोंबडीचा पंजा दाखवला आणि उजव्याला बर्फाने वेढलेलं घर. उजव्या हाताने त्याने कोंबडीचं चित्र निवडलं, डाव्याने फावड्याचं. फावडं का, असं विचारल्यावर तो क्षणभरही न अडखळता म्हणाला की कोंबड्यांची खुराडी साफ करायला फावडं लागतंच. बोलणाऱ्या अर्धगोलाला बर्फ दिसलाच नव्हता, पण त्याने कारण तयार केलं आणि त्यावर त्याचा पूर्ण विश्वास होता. सुटलेला माणूस असाच वागेल. समूहाने लावलेल्या सवयींना तो स्वतःची कारणं देईल, आणि ती कारणं ऐकायला अगदी शहाणी वाटतील. तो खोटं बोलत नसतो. नायिकेने त्याच्या स्पष्टीकरणांवर विसंबू नये, हातांकडे बघावं.

चाचण्यांमधला चोरटा रस्ताही तिला माहीत असला पाहिजे. उजव्या अर्धगोलाला लाल किंवा हिरवा दिवा दाखवून रंग विचारला तर बोलणारा अर्धगोल अंदाजाने म्हणतो, "लाल." ते चुकीचं असेल तर उजवा अर्धगोल ते ऐकतो आणि चेहऱ्यावर आठी आणतो किंवा मान हलवतो. ती हालचाल डाव्याला जाणवते आणि तो म्हणतो, "नाही नाही, हिरवा." तार कापलेली असते, पण शरीरातून खूण पोचते. बाराजण एकाच वॉर्डात असतील तर सुटलेला माणूस आणि उरलेले अकरा खोकल्यातून, पाय आपटण्यातून, श्वासाच्या लयीतून बोलत राहतील, आणि त्यातल्या कुणालाही ते कळणार नाही. म्हणून चाचणी वेगळ्या इमारतीत, पहिलंच उत्तर ग्राह्य धरून, आणि चाचणी घेणाऱ्यालाही बरोबर उत्तर माहीत नसताना. याच कारणामुळे जोडणी खरंच तुटली आहे का, हा संशय कथेत शेवटपर्यंत जिवंत ठेवता येतो.

पहिला कोण सुटेल? समूहाचा मुख्य आवाज असलेला माणूस आधी काढू नका. सगळ्यांत जास्त संदेश ज्याच्याकडून जातात तो गेला तर अकराही ढासळतील. सगळ्यांत अशक्त माणूसही नको, अपयश आलं तर उरलेले अकराजण संमती काढून घेतील. ज्याच्याकडून येणारे-जाणारे संदेश सगळ्यांत कमी आहेत आणि ज्याने थंडीच्या चाचणीत दहा मिनिटं शांतपणे काढली आहेत, तो पहिला.

त्या दिवशी अतिदक्षता विभागात बारा खाटा लागतील, कारण बाराही रुग्ण आहेत. जुळ्यांच्या विलगीकरणात प्रत्येक बाळाचा स्वतंत्र भूलतज्ज्ञ, स्वतंत्र यंत्र, स्वतंत्र परिचारिका असतात, आणि नळ्यांना रंगीत पट्ट्या लावतात, कारण एकाच्या शिरेत दिलेलं औषध दुसऱ्यात उतरतं आणि घाईत नळी चुकू शकते. तुमच्याकडे औषध दुसऱ्यात उतरणार नाही, पण भुलीचा परिणाम पोचेल: एकाला गाढ झोपवलं तर जोडणी चालू असेपर्यंत उरलेले अकरा सुस्तावतील. म्हणून थंडी आधी, भूल नंतर. आणि भूल देणाऱ्याने फक्त समोरच्या माणसाच्या मॉनिटरकडे बघून चालणार नाही. दुसऱ्या खोलीतल्या अकरा जणांचे आकडे मोठ्याने वाचून दाखवणारा एक माणूस तिथे फोनवर उभा करा.